रडू आलं का?

काल स्टुडिओत चहा द्यायला गेले, तेव्हा पडद्यावर एक आई मेलेल्या लेकीची वेणी घालत होती. जर्मनीहून आलेले ते ब्लूजवाले, म्हणजे दुःखाची गाणी वाजवणारे वादक, त्यावर सिनेमाचं संगीत बसवत होते. मला माझी गेलेली लेक सुमी आठवली, डोळे भरून आले. त्यांनी चक्क टाळ्या वाजवल्या.

त्यांची दुभाषी मुलगी म्हणाली, "मावशी, साहेब खूश! म्हणतात, जमलं."

किळस आली मला. आपण आमटीचं मीठ बघतो, तसं यांनी माझं रडू चाखलं. दुःखाचा असाही उपयोग करतात माणसं.

आज मला पुन्हा मुद्दाम पडद्यासमोर बसवलं. गिटार कालच्याहून गोड वाजली.

"आलं का रडू, मावशी?"

"नाही," म्हटलं. कप गोळा केले, मोरीत जाऊन नळ मोठा सोडला आणि मग रडले.