खोक्यातलं वाक्य

रोझविटा काल्बे गेली तीस वर्षं रंगमंचाच्या पुढच्या कडेला, कमरेइतक्या खोल खोक्यात बसून प्रॉम्प्टिंग करत होती, म्हणजे विसरलेली वाक्यं नटांना हळूच सांगत होती. नटांची तोंडं तिला कमीच दिसायची, बूट मात्र पाठ होते. तिच्याइतकी चिडकी बाई त्या थिएटरात दुसरी नव्हती, आणि सगळ्यांचा जीवही तिच्यावरच!

जर्मनीतल्या वेझर नदीकाठच्या त्या गावाने सेरोडिओ या पोर्तुगीज नाटककाराचं एक नाटक आपलंसंच केलं होतं. नवरा सात वर्षांनी तुरुंगातून घरी येतो आणि बायको त्याला पानभर बोल लावते, असा शेवट. एकोणीसशे पंचावन्न साली पहिल्याच प्रयोगात नटी ते पान विसरली, आणि नेमका खोक्यातला दिवा गेला. रोझविटाला अक्षर दिसेना. तिच्या तोंडातून आपसूक निघालं, "सूप गार झालंय. बस, गरम करते."

महायुद्धात पकडले गेलेले तिचे वडील रशियाच्या कैदेतून त्याच महिन्यात परतले होते, तेव्हा आई एवढंच बोलली होती. नटीने ते उचललं आणि सभागृहात बायका हमसून रडल्या. त्यांच्याही घरी कुणी ना कुणी परतलेलं होतं, कुणी परतायचं राहिलं होतं. तेव्हापासून ते पान कुणी म्हटलंच नाही.

आता रोझविटाच्या निवृत्तीला महिना उरला असताना खुद्द सेरोडिओ रविवारच्या दुपारी प्रयोगाला येणार होता.

"आनेग्रेट, आज मूळ पान म्हणायचं," तिने नटीला दरडावलं. "माझी चोरी पकडली जाईल गं."

"तीस वर्षांनी बरी लाज वाटली तुम्हाला, रोझविटाबाई!" आनेग्रेट हसली, पण तयार झाली.

शेवट आला. आनेग्रेटने बोल लावायला तोंड उघडलं, तोच तिसऱ्या रांगेतली एक म्हातारी म्हणाली, "सूप गार झालंय." मागून अख्खं सभागृह म्हणालं, "बस, गरम करते." खोक्यात रोझविटाने चुलीवर काही करपल्यासारखं कपाळ धरलं.

पडदा पडल्यावर सेरोडिओ काठी टेकत खोक्यापाशी आला आणि गुडघ्यांवर बसला. लोकांनी त्याला सगळं सांगितलं होतं.

"माफ करा," ती पुटपुटली.

त्याने आपली जुनी प्रत पुढे केली. ते पान त्याने आडव्या रेघेने खोडलं होतं.

"इथे लिहून द्या, बाई," तो मोडक्यातोडक्या जर्मनमध्ये म्हणाला. "माझ्या गावीही आता हेच म्हणू देत."

रोझविटाने पेन्सिल घेतली. दिवा चालू होता, तरी तिला अक्षर दिसेना.