भाऊ असून चंद्राला

बायको गेली त्याला चार महिने झाले. घरात एका जागी बसवत नाही.

भाऊबीजेला ज्या बाईला भाऊ नसतो ती चंद्राला ओवाळते. माझ्या बायकोला सख्खा भाऊ होता, इथंच, राजेंद्र नगरला. तरी नऊ वर्षं ती गच्चीवर जाऊन चंद्रालाच ओवाळायची. माझ्यामुळं.

मुलीच्या लग्नात मामानं नवरीला मांडवात आणायचं असतं. आमच्या मुलीच्या वेळी त्याची स्कूटर पंक्चर झाली, तो मुहूर्ताला पोचला नाही. मी शेजाऱ्याला मामा म्हणून उभा केला. अक्षता पडल्यावर हा घामाघूम आला, तर सगळ्यांसमोर म्हटलं, "आता कशाला आलात? जेवा आणि निघा." तो न जेवताच निघाला. त्याला घरात घ्यायचं नाही, असं बायकोला बजावलं. तिनं एकदा विचारून पाहिलं, मग सोडलं.

यंदा भाऊबीजेला तिचं ओवाळायचं ताम्हण पिशवीत घातलं आणि दुपारीच निघालो. त्याच्या गल्लीच्या तोंडाशी जाऊन दोनदा परत फिरलो. कोपऱ्यावरचा पोहेवाला म्हणाला, "किसका घर ढूंढ रहे हो, बाबूजी?" घर तर समोरच होतं.

दार त्यानंच उघडलं. "या, जिजाजी," म्हणाला. बसा म्हणाला नाही. रस्ताभर घोकलेलं सगळं गेलं. तोंडातून निघालं, "त्या दिवशी एक फोन तरी करायचा होता."

"हे सांगायला आलात?"

"नाही. चुकलं माझं."

"ताईला म्हणालात कधी?"

"नाही."

"मग मला सांगून काय होणार?"

पिशवीतून ताम्हण काढून पुढं केलं. निरांजनाला तिच्या हातची काजळी तशीच होती. त्यानं ते दोन्ही हातांनी घेतलं.

"हे इथं राहू द्या."

"म्हणजे माफ केलं?"

"ताम्हण ठेवून घेतोय, जिजाजी. बाकीचं आज नका विचारू."

घरी आलो तरी पाय थांबेनात. दिवस मावळल्यावर गच्चीवर गेलो. चंद्र नखाएवढा होता. मावळेपर्यंत फेऱ्या मारत राहिलो. पुढच्या भाऊबीजेला परत जाईन. बसा म्हणाला नाही, तर उभा राहीन.