दोन दारांचा फ्रीज

फ्रीजच्या दुकानात माझ्या शेजारी एक जोडपं हळू आवाजात भांडत होतं.

"दोन दारांचाच घेऊ, पाहुणे येतात आपल्याकडे."

"अगं, पण वीजबिल किती येईल?"

मग दोघं हसली आणि पुन्हा पहिल्यापासून सुरू झाली.

साधी कढई घ्यायची तरी माझी बायको सुमन आणि मी असेच आठवडाभर वाद घालायचो. ती वारली, तेव्हापासून कुणी अडवत नाही. मनात येईल ते घेता येतं, पण काही घ्यावंसंच वाटत नाही.

"काका, घरी विचारून सांगता का?" दुकानातल्या मुलीनं विचारलं.

"हो, विचारतो," म्हणालो आणि बाहेर पडलो.

बसस्टॉपपर्यंत सुमनशी मनातल्या मनात वाद घातला. एकट्या माणसाला एवढा मोठा फ्रीज कशाला, हे तिचं म्हणणं मला खोडता आलं नाही.