लोक उठले तेव्हा

आमच्या आजेसासूबाई तरुणपणी संगीत नाटकांत आणि मूकपटांत कामं करायच्या, हे मला लग्नानंतर कित्येक वर्षांनी कळलं. तेही दुबईत, करामातल्या आमच्या फ्लॅटमध्ये. सासरे असेपर्यंत घरात हा विषय काढायची सोय नव्हती. आपली आई नटी होती, हे त्यांना जन्मभर सलत राहिलं. त्यांच्या धाकाने आजी कधी गुणगुणल्यासुद्धा नाहीत. पोटच्या मुलाचा असला धाक! सासरे गेले आणि आजी एकट्या पडल्या, म्हणून नवऱ्याने त्यांना आमच्याकडे आणलं. नव्वदचं दशक निम्मं सरलं होतं आणि आजींनी पंच्याऐंशी ओलांडली होती.

इथे आल्यावर त्यांची जीभ सैल झाली. पोळ्या लाटताना मी एक विचारायचे, त्या दहा सांगायच्या. कंपनीबरोबर बैलगाडीतून गावोगावी जायचं, रात्रभर गायचं. मूकपटात नुसते ओठ हलवायचे. एका रडायच्या प्रसंगात त्यांनी चक्क भाजीचे भाव म्हटले होते. मग बोलपट आले, गळ्याचं चीज होणार, तेवढ्यात लग्न ठरलं. काम सोडायचं, ही आजोबांची अट. त्यांचा एकही चित्रपट उरला नाही. जुन्या फिल्मांतली चांदी लोकांनी काढून विकली म्हणे. "माझी चांदी दुसऱ्यांचीच झाली बघ," असं म्हणून त्या हसायच्या.

मला हसू यायचं नाही, संताप यायचा. एवढं गायलेली बाई आणि तिला ऐकलेलं माणूस शिल्लक नाही! जाण्याआधी एकदा रंगमंचावर उभं राहून गायचं, एवढीच त्यांची इच्छा होती.

इथल्या मराठी मंडळाच्या गणेशोत्सवात मी भांडून त्यांच्यासाठी दहा मिनिटं मिळवली. कार्यक्रम बसवणारे गृहस्थ कुरकुरले. "वहिनी, शेड्यूल एकदम टाइट आहे. आणि या वयात आजींना स्ट्रेस कशाला?"

"स्ट्रेस तुम्हाला आहे, त्यांना नाही," मी म्हटलं.

उत्सवासाठी घेतलेल्या शाळेच्या हॉलमध्ये आजींनी रंगमंचाला हात लावला, तो कपाळाला टेकवला आणि पेटीच्या सुरावर पद सुरू केलं. आवाज कापत होता, पण सूर ढळला नाही. पद संपल्यावर जुन्या शिस्तीने नमस्कार करून त्या विंगेत आल्या आणि माझा हात धरून उभ्या राहिल्या.

"आता वन्स मोअर येईल," त्या म्हणाल्या. दुसऱ्या खेपेसाठी त्यांनी वेगळ्या ताना राखून ठेवल्या होत्या.

टाळ्यांचा कडकडाट झाला. वन्स मोअर मात्र आला नाही. एवढ्या म्हाताऱ्या बाईला पुन्हा कशाला त्रास द्यायचा, असं सगळ्यांना वाटलं असणार. त्याऐवजी त्यांना मान द्यायला अख्खा हॉल खुर्च्या सोडून उभा राहिला. आजींनी पडद्याच्या फटीतून पाहिलं आणि माझा हात सोडला.

"लोक उठले गं," त्या म्हणाल्या. "पडले मी."

त्यांच्या काळी प्रेक्षक उठायला लागले, की खेळ पडला असं समजायचे. "आजी, हल्ली मान देताना उभे राहतात," मी जीव तोडून सांगत होते. माझी मुलगी धावत आली. "पणजी, दे स्टुड अप फॉर यू!" आजींनी तिच्या केसांवरून हात फिरवला, पण आमचं त्यांना खरं वाटलं नाही. तेवढ्यात माइकवरून आवाज आला, "थँक यू आजी! यल्ला, चला, डान्सवाली मुलं रेडी?" कॅसेट लागली, मुलं नाचली, आणि त्या नाचाला हॉलने ओरडून ओरडून वन्स मोअर दिला. मला त्या सगळ्यांचा इतका राग आला, की प्रसादही न घेता मी आजींना घेऊन निघाले.

घरी आल्यावर नवऱ्याला राहवेना. तो आजींच्या खुर्चीपुढे जमिनीवर बसला आणि ओरडला, "वन्स मोअर, आजी!" मीही ओरडले.

आजींनी त्याचा चेहरा दोन्ही हातांत धरला.

"तुझा बाप एकदा असं म्हणाला असता ना," त्या म्हणाल्या, "तर मला दुसऱ्या कुणाचा लागला नसता रे."