धनुष्कोडीला थांबलेले मास्तर

"गाडी कोणासाठी थांबणार नाही!"

हे वाक्य म्हणताना मास्तरांचा उजवा हात आपोआप वर जायचा आणि दोन बोटं कात्रीसारखी हवेत मिटायची. बोटं मिटली की विषय कापला गेला. पुढे बोलायची सोय नाही.

मास्तर शाळेतले नव्हते. साकोलीच्या बसस्टँडजवळ त्यांचं शिवणकामाचं दुकान होतं, म्हणून ते टेलरमास्तर. मी पंचायत समितीत कारकून म्हणून साकोलीला लागलो तेव्हा त्यांच्या दुकानामागची खोली भाड्यानं घेतली. सकाळी मला जाग यायची ती त्यांच्या मशीनच्या आवाजानं. जवळजवळ वर्षभर हा माणूस मान खाली घालून सदरे आणि लेंगे शिवायचा. पण धान निघालं, मळणी उरकली, की मशीनवर चादर टाकून गळ्यात शिटी अडकवायचा आणि आसपासच्या गावांतली माणसं भाड्याच्या बसमध्ये बसवून दक्षिणेच्या यात्रेला घेऊन जायचा.

अशा यात्रा तुम्हीही पाहिल्या असतील. टपावर तांदळाची पोती, स्वयंपाकाचे मोठाले गंज आणि सरपण, मागच्या सीटवर स्वयंपाकी, आणि खिडक्यांतून वाळत घातलेली लुगडी. त्या बससमोर उभे राहिलेले मास्तर आणि मशीनवरचे मास्तर ही दोन वेगळी माणसं होती. एकदा हैदराबादेत एक गृहस्थ बांगड्यांच्या बाजारात रमले. मास्तरांनी शिटी वाजवली, वाट पाहिली, आणि बस सोडली. ते गृहस्थ संध्याकाळी पुढच्या मुक्कामी कांद्याच्या ट्रकमधून उतरले ते भांडायच्या तयारीनंच. मास्तरांनी त्यांच्यापुढे ताट ठेवलं. "जेवून घ्या जी. सकाळी लवकर निघाचं हाय." त्यानंतर यात्राभर ते गृहस्थ बसमध्ये सगळ्यांच्या आधी येऊन बसायचे.

आणीबाणी उठल्यानंतरचा हिवाळा असावा. मी माझ्या आत्याबाईंना घेऊन या यात्रेला जायचं ठरवलं. मोहाडीकडच्या एका खेड्यात त्यांनीच मला लहानाचं मोठं केलं होतं, आणि आता त्या माझ्याकडे राहायला आल्या होत्या. त्यांना ऐकू येत नसे. कानाशी ओरडलं तर चार शब्द पोचायचे, नाहीतर हातवारे.

मास्तरांनी साफ नकार दिला. "बाबू, तुमच्या आत्याबाईले आयकू येत नाही. मंग शिटी कशी आयकन?"

आत्याबाईंनी त्यांच्या ओठांकडे पाहून सगळं ओळखलं. "मी पाहून चालतो," त्या म्हणाल्या. "चालाले कान कायले लागते?"

मास्तरांना हसू आलं. दोन बोटं वर गेली होती, ती मिटायची राहिली.

रामेश्वर हे बेट आहे हे आम्हाला पुस्तकातून माहीत होतं. पण मंडपमला आपली बस सोडून आगगाडीत बसलो आणि गाडी समुद्रावरच्या पुलावर चढली, तेव्हा डब्यातली सगळी माणसं खिडक्यांना चिकटली. आमच्याकडे तळी मोठी असतात, वैनगंगा पावसाळ्यात फुगते, पण पलीकडचा काठ दिसतो. इथे दोन्ही खिडक्यांतून नुसतं पाणीच. मास्तर खिडकीकडे पाठ करून दांडी धरून उभे होते. त्यांच्या कपाळावर घाम होता. या माणसाला पाण्याची भीती वाटते हे मला तेव्हा कळलं.

दिवसभर बेट दाखवायला एक स्थानिक गाईड ठरवला होता. तो मोडक्या हिंदीत बोलायचा आणि अर्धं धावत चालायचा. पहाटे समुद्रस्नान, मग देवळातल्या विहिरींचं पाणी अंगावर, मग ओल्या कपड्यांनी त्या लांबच लांब दगडी ओवऱ्या, नंतर रामाच्या पावलांचा डोंगर. मास्तर सगळ्यांच्या मागे. "चला, मांगं राहू नका. संध्याकाळची गाडी पकडाची हाय." दुपार झाली तेव्हा बायकांचे पाय दुखायला लागले होते, आणि मोहाडीकडचे एक पाटील गाईडशी दोनदा भांडले होते.

शेवटचं ठिकाण धनुष्कोडी. बेटाचं टोक. काही वर्षांपूर्वीच्या वादळात समुद्रानं ते गावच्या गाव नेलं होतं. रस्ता नव्हता, वाळूतून उघड्या ट्रकनं जायचं. ट्रकचा ड्रायव्हर निघण्याआधी आकाशाकडे आणि मग पाण्याकडे हात करून काहीतरी बोलला. गाईडनं सांगितलं, "शाम को पानी ऊपर आता. रास्ता जाता. जल्दी लौटना."

तिथे पोचलो. छप्पर उडालेलं चर्च, स्टेशनच्या उभ्या राहिलेल्या भिंती, वाळूत बुडालेले रूळ. एका बाजूचा समुद्र तळ्यासारखा शांत, दुसऱ्या बाजूचा सारखा अंगावर येणारा. वारा इतका की बाजूच्याचं बोलणं कळेना. पुरुष मंडळी गाईडबरोबर टोकाकडे गेली, बायका चर्चच्या सावलीत बसल्या. आत्याबाई बायकांत आहेत असं मी समजलो. त्या माझ्यामागे आल्या असं बायका समजल्या.

शिटी वाजली. सगळे ट्रकमध्ये चढले. मास्तरांनी नेहमीसारखं एकेकाच्या डोक्यावरून बोट फिरवलं आणि ते बोट हवेतच थांबलं.

"बाबू, आत्याबाई कोठी हायेत?"

मी चर्चकडे धावलो. आत कोणी नाही. स्टेशनच्या भिंतींमागे कोणी नाही. परत आलो तर ड्रायव्हर हॉर्न वाजवत होता. आलो होतो त्या वाटेवर, चाकांच्या खुणांमध्ये, पाण्याची पातळ चादर पसरत चालली होती.

"ट्रक फँसेगा, सब फँसेगा," गाईड ओरडला.

पाटील ट्रकमधून वाकले. "मास्तर, एका म्हातारीपायी साऱ्याइले बुडवता काय? लहान लेकरं हायेत गाडीत! तुमीच म्हणता ना, गाडी कोणासाठी थांबणार नाही?"

मास्तर पाण्याकडे पाहत होते, मग ट्रककडे, मग माझ्याकडे. त्यांचा चेहरा पांढरा पडला होता.

"खरं हाय, पाटील," ते म्हणाले. "गाडी नाही थांबणार."

मी ट्रकपासून दोन पावलं मागे सरलो. मला तर राहायचंच होतं.

मास्तरांनी गळ्यातली शिटी काढून पाटलांच्या हातात दिली. खिशातून तिकिटांचा गठ्ठा काढला, तोही दिला. "गाडी जाईल. मी थांबतो."

"अन् आमचं काय?" एक बाई रडायला लागली. "या परक्या मुलखात आमाले टाकून तुमी राहाल?"

"हा गाईड तुमाले टेसनावर पोचवन. मंडपमले उतरा, आपली बस तथीच उभी हाय. पाटील, आता तुमी पाहा." एवढं बोलून त्यांनी ट्रकच्या फळीवर थाप मारली. ट्रक पाणी उडवत निघून गेला. त्याचा आवाज वाऱ्यात लगेच विरला. आम्ही दोघंच उरलो.

आम्ही लाटांच्या कडेनं चालायला लागलो. मास्तर दर थोड्या वेळानं हाक मारत होते, "आत्याबाई! वो आत्याबाई!"

"त्यांना ऐकू येत नाही जी," मी म्हणालो.

"मले मालूम हाय. पण चूप कसा राहू?"

आत्याबाईंनी त्या दिवशी हिरवं लुगडं नेसलं होतं. सूर्य उतरायला लागला होता, आणि मला लाटांत काहीतरी हिरवं दिसलं. वर यायचं, खाली जायचं. माझे पाय वाळूत रुतून बसले. मी फक्त बोट दाखवलं.

मास्तर पाण्यात शिरले. पुलावर आगगाडीतही खिडकीकडे न पाहणारा तो माणूस कमरेपर्यंत आत गेला. एक लाट त्यांच्या डोक्यावरून गेली. ते दिसेनासे झाले, पुन्हा दिसले, आणि दोन्ही हातांनी ते हिरवं ओढत बाहेर आले. मासे धरायचं फाटकं जाळं होतं. त्यांनी ते वाळूवर फेकलं आणि त्याच्याकडे पाहत उभे राहिले. दात वाजत होते.

"नाही जी," ते म्हणाले. "त्या नाहीत."

तिथून जरा पुढे वाळूच्या उंचवट्यामागे धूर दिसला. कोळ्यांच्या झावळ्यांच्या तीन-चार झोपड्या होत्या. पहिल्याच झोपडीसमोर आत्याबाई मांडी घालून बसल्या होत्या, पुढ्यात भाताची थाळी. शेजारी एक काळीसावळी म्हातारी त्यांच्या भातावर माशाचा रस्सा वाढत होती. ती तिच्या भाषेत बोलत होती, आत्याबाई आपल्या भाषेत, आणि दोघींचं उत्तम चाललं होतं.

आम्हाला पाहून आत्याबाई रागावल्या. "तुमी सारे कोठी गेलते? मी आडोशाले काय गेलो, वाळूनं डोळे भरले, बाजूच समजली नाही. हे बाई नसती तं माहं काय झालं असतं?"

मास्तर होते तिथेच वाळूत बसले. हसतात की रडतात कळेना. अंगावरून पाणी गळत होतं.

आत्याबाईंनी त्यांना नीट पाहिलं, वरपासून खालपर्यंत. मग आपली थाळी त्यांच्यापुढे सरकवली. "जेवा, मास्तर. भात जाडा हाय, पण मासोळी गोड हाय."

मास्तर त्याच थाळीत जेवले.

वाट पाण्याखाली गेली होती. म्हातारीच्या मुलानं आम्हाला शांत बाजूच्या समुद्रातून शिडाच्या होडीनं रामेश्वरला सोडलं. मास्तर होडीच्या तळाशी बसून माझं मनगट धरून होते. त्यांच्या नखांच्या खुणा दोन दिवस राहिल्या. होडीतच त्यांनी विचारलं, "बाबू, हे पाणी रोज असंच वर येते काय?"

मी चकित झालो. "तुम्ही तर दरवर्षी येता."

"येतो जी. पण मी पाण्याकडं कधी पाह्यलंच नाही. माणसं कोठी जाऊन राहिली, तेच पाहात राहिलो."

आत्याबाईंनी पदराचं टोक सोडवून त्यांचं ओलं डोकं पुसलं. ते लहान मुलासारखे बसून राहिले.

सकाळच्या गाडीनं मंडपमला पोचलो. सगळे सुखरूप होते, पण रात्र वाईट गेली होती. स्टेशनवर लोकांची पांगापांग झाली, एक मूल तापलं, बसच्या ड्रायव्हरनं मास्तरांशिवाय काही ऐकायला नकार दिला. पाटलांचे डोळे लाल होते. त्यांनी शिटी मास्तरांच्या हातावर ठेवली आणि सगळ्यांसमोर म्हणाले, "एकीसाठी आमाले साऱ्याइले वाऱ्यावर सोडलं तुमी. असं करते काय कोणी?"

मी उत्तर द्यायला पुढे झालो. मास्तरांनी मला मागे ओढलं आणि पाटलांपुढे हात जोडले. आत्याबाई सगळ्यांच्या तोंडांकडे पाहत होत्या. काय चाललंय ते त्यांना कळलं असावं.

गावी परतल्यावर ही गोष्ट मोहाडीच्या बाजारात फिरली, शहापूरला गेली. सांगणारे आपापल्या परीनं सांगत. कोणी म्हणे मास्तर देवमाणूस, कोणी म्हणे अर्ध्या वाटेवर माणसं टाकून पळाला. दुसरी गोष्ट जास्त चालली. पुढच्या हिवाळ्यात बस अर्धी रिकामी गेली. त्याच्या पुढच्या वर्षी निघालीच नाही. मळणी झाल्यावरही मागच्या माझ्या खोलीत मशीनचा आवाज येत राहिला.

एकदा मी पाटलांबद्दल काही वाईट बोललो. मास्तरांनी मशीनवरचा पाय थांबवला. "त्याइले नावं ठेवू नका, बाबू. ते खोटं नाही बोलले. मी त्याइले सोडलंच होतं." आणि पुन्हा टाके घालायला लागले.

माझी भंडाऱ्याला बदली झाली. ऐंशीच्या दशकातल्या एका पावसाळ्यात मास्तर गेल्याचं कळलं. मशीनवर बसल्याबसल्याच मान खाली गेली म्हणे. आत्याबाई आता फार थकल्या होत्या, पण जायचंच म्हणून अडून बसल्या. एस.टी.नं आम्ही साकोलीला गेलो.

मास्तरांची बायको भिंतीशी बसली होती. आजूबाजूला शेजारणी. ती मला म्हणाली, "यावर्षी म्हणत होते, धान निघालं की आपण दोघंच जाऊ. रामेश्वर दाखवतो तुले. इतक्या यात्रा काढल्या, मी एकीलेही नाही गेलो. घरी दुकान कोण पाहीन?"

मी ते आत्याबाईंच्या कानाशी ओरडून सांगितलं. सगळं घर आमच्याकडे पाहू लागलं. आत्याबाई उठल्या, भिंत धरत तिच्याजवळ गेल्या, तिचा हात हातात घेतला आणि बहिऱ्या माणसाच्या मोठ्या आवाजात म्हणाल्या, "तू माह्यासंग चाल, बाई. मी दाखवतो. मले सारा रस्ता मालूम हाय."

ती बाई आत्याबाईंच्या तोंडाकडे पाहत राहिली. मग रडता रडता तिला हसू फुटलं, आणि ते काही केल्या थांबेना.