रंगाच्या डब्यातलं भात

भाजी घेऊन परतत होतो, तर आमच्या गल्लीतल्या चर्चच्या पायरीवर रंगाचा एक जुना डबा ठेवलेला, आणि त्यात पिकलेलं भात उभं होतं. मी थांबलोच.

आज आगेरा, नव्या भाताचा सण. फादर लोंब्यांना आशीर्वाद देतात आणि माणसं एकेक लोंबी घरी नेतात. हे चर्च इथल्या शेतकऱ्यांनीच बांधलं म्हणतात. तेव्हा खाचरं पार दारापर्यंत होती. आता चहूकडे इमारती आहेत. त्यातल्याच एकीत मी राहतो. लोंब्या हल्ली बाहेरगावाहून येतात.

डब्याशेजारी मोनिकाबाय बसल्या होत्या. चर्चमागच्या जुन्या वस्तीत त्यांचं घर आहे.

"हे भात कुठलं?" मी विचारलं.

"आमच्या गच्चीवरचं. पण माती शेताची हाय. तुमच्या बिल्डिंगचा पाया खणत होते ना, तेव्हा दोन टोपल्या उचलून आणलेली. आजवर अबोली लावायची तिच्यात."

जुन्या चर्चचा इतिहास मी आपला त्याच्या दगडांत बघत आलो. तो इतकी वर्षं अबोलीच्या मुळांशी गुपचूप बसला होता, आणि यंदा चक्क लोंब्या धरून निसवला होता.

घंटा झाली. मोनिकाबायनी एक लोंबी माझ्या भाजीच्या पिशवीत खोचली.

"पुढच्या वर्षी तुमची गच्ची द्या," त्या म्हणाल्या. "शेत आपल्या जागेवर येईल."