चुकीसकट नक्कल

माझ्या धाकट्या जावेला ग्रीकमधलं ओ की ठो कळत नाही. हे आधीच सांगून ठेवते, कारण पुढचं ऐकल्यावर लोक मलाच वेड्यात काढतात.

ग्रीक शिकले मी. कर्जतच्या शाळेत जन्मभर संस्कृत शिकवलं, निवृत्त झाले, आणि भिसेगावातल्या आमच्या घरात दुपारी दोन ते पाच माझ्यावाचून कुणाचंच काही अडेनासं झालं. मग इंटरनेटवरच्या एका फुकट वर्गात तीन वर्षं बसले, वह्याच्या वह्या भरल्या. त्यातूनच परदेशातल्या एका ग्रंथालयाची सूचना नजरेस पडली. त्यांच्याकडे कातड्यावर हाताने लिहिलेलं, बायबलातलं ग्रीक शुभवर्तमान होतं, हजारेक वर्षांपूर्वीचं. पानापानाचे फोटो काढलेले होते, ते अक्षरन् अक्षर टाइप करून द्यायला स्वयंसेवक हवे होते. भाषा यायलाच हवी अशी अट नव्हती. ती असती तर किती बरं झालं असतं.

जावेला ते मीच दाखवलं. खरं सांगायचं तर मिरवायला दाखवलं. ती वरच्या मजल्यावर राहते, कोथिंबीर मागायला आली होती. जुडी हातात धरून बराच वेळ स्क्रीनकडे बघत राहिली आणि म्हणाली, "वहिनी, हे तर आमच्या कचेरीतलंच काम हो. मी करून बघू?"

तिची अख्खी नोकरी खालापूरच्या तहसील कचेरीत नकला देण्यात गेली. जुना कागद समोर ठेवायचा, जसाच्या तसा उतरवायचा, साहेबांच्या सहीला पाठवायचा. त्यावरून मी तिला पुष्कळ चिडवलंय. "काय गं, आज कुणाकुणाच्या जमिनी उतरवल्यास?" ती नुसती हसायची. तिला राग येत नाही, हाही तिचा एक दुर्गुणच.

तर ती बसली कामाला. फोटोतलं अक्षर बघायचं, तसलंच अक्षर कीबोर्डवर हुडकायचं, दाबायचं. माझं पान दोन दुपारींत व्हायचं, तिला आठवडा लागायचा. तरी ग्रंथालयातल्या बाई तिलाच लांबलचक शाबासकी पाठवायच्या. मला आपले दोन ओळींत आभार. आणि तिला आलेली पत्रं इंग्रजीत, तिचं इंग्रजी बेताचं, म्हणून ती वाचून दाखवायचं कामही माझ्याचकडे. माझ्या तोंडाने तिचं कौतुक. अंगाचा नुसता तिळपापड व्हायचा. एकदा तर सगळ्यात चांगलं वाक्य मी वाचलंच नाही, सरळ पुढे गेले.

नवरात्राच्या सुमारास बाईंनी कळवलं की एक तपासनीस नेमायचा आहे. प्रत्येक पान दोघं जण वेगवेगळं उतरवायचे, एकमेकांचं न बघता. दोन्हींत फरक निघाला तर निवाडा तपासनिसाने करायचा, आणि त्याचं नाव पोथीच्या माहितीखाली कायमचं लागणार होतं. मला ते हवं होतं. शाळेत मुख्याध्यापिका व्हावं असंही कधी इतकं वाटलं नव्हतं. निवड आमच्या दोघींतच होती, आणि परीक्षा म्हणून दोघींना एकच पान आलं.

पान माझ्या चांगलं ओळखीचं. वाटेत लुटारूंनी अर्धमेला करून टाकलेल्या माणसाची गोष्ट. एक याजक येतो, त्याला बघतो आणि पलीकडून निघून जातो. मग मंदिरातला सेवेकरी येतो, तोही बघतो आणि पलीकडून निघून जातो. मग एक परका माणूस येतो, तो थांबतो. मला हे ग्रीकमध्ये तोंडपाठ होतं. एका दुपारीत पान पाठवून दिलं आणि संध्याकाळी खुशीत पळसदरीच्या धरणावर फिरून आले.

चार दिवसांनी बाईंचं पत्र आलं. दोन प्रतींत एका अख्ख्या वाक्याचा फरक आहे. एकीत सेवेकरी आहे, दुसरीत नाही. दोघींनी पुन्हा बघून कळवावं. वर जाऊन ते जावेला वाचून दाखवलं आणि खाली आले.

मी फोटो उघडला, मोठा केला. सेवेकरी नव्हता. दोन्ही वाक्यांचा शेवट सारखाच, त्यामुळे लिहिणाऱ्याची नजर एकावरून दुसऱ्यावर घसरली होती आणि मधला माणूस गळाला होता. तो मी पाठांतरातून घातला होता.

तेवढ्यात जाऊ खाली आली, चेहरा पार उतरलेला. "वहिनी, माझ्याकडून ओळ गळली का हो? नोकरीत असं कधी झालं नाही."

मी म्हणाले, "हो. गळली."

ती खुर्ची ओढून शेजारी बसली. "मग तसं कळवते मी त्यांना. पण कुठंय ती, जरा बोट ठेवून दाखवा ना. कुठं चुकले ते मला कळायला हवं."

मी बोट ठेवलं. खाली सरकवलं, परत वर आणलं. ती माझ्या बोटामागून एकेक अक्षर बघत होती. एका शब्दाचा अर्थ तिला लागत नव्हता, पण ते पान तिला माझ्यापेक्षा चांगलं माहीत होतं. शेवटी हळूच म्हणाली, "इथं नाहीये ना, वहिनी?"

मी बोट मागे घेतलं.

"तुम्हाला पाठ आहे, म्हणून हातून लिहून गेलं," ती म्हणाली. "आमच्याकडे शिकलेल्या माणसांचं असंच व्हायचं. मूळ कागदात चूक दिसली की सुधारून मोकळे. साहेब ओरडायचे, चुकीसकट उतरवा म्हणून." मग म्हणाली, "तुम्हाला ते काम हवंय ना? माझीच गळली असं लिहिते मी. मला काय त्याचं."

त्या क्षणी ती मला जितकी नकोशी झाली तितकी कधीच झाली नव्हती. जन्मात खोटी नक्कल न दिलेली बाई माझ्यासाठी खोटं लिहायला निघाली होती. मी तिला बाजूला सारलं आणि बाईंना लिहिलं की वाक्य पानावर नाही, ते मी घातलं.

तपासनीस ती झाली. आता माझी पानं तिच्याकडे जातात. तिने खूण केली की मी फोटो मोठा करून तास तास बसते, तिचं एक तरी चुकलेलं सापडावं म्हणून. अजून सापडलेलं नाही. घरी कुणी आलं की ती आवर्जून सांगते, वहिनींना सगळं पाठ होतं, म्हणून ते तसं झालं. ती खाली आली त्याआधीच मी फोटो बघितला होता, हे मी तिला सांगितलेलं नाही.